साल कोणतं लिहायचं?

भारतीय सिनेमाच्या इतिहासावरचा माहितीपट म्हटला की ‘राजा हरिश्चंद्र’चे तुकडे येणारच, आणि खाली पट्टी असते: १९१३. दादासाहेब फाळक्यांचा हा चित्रपट ३ मे १९१३ला मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला. चार रिळं, सुमारे ३,७०० फूट. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात त्यातलं पहिलं आणि शेवटचं रीळ आहे, मिळून १,४७५ फूट. पण काही इतिहासकारांच्या मते ही रिळं १९१३ची नाहीतच. फाळक्यांनी १९१७ साली हीच कथा पुन्हा चित्रित केली, तिची ती आहेत.

हा वाद केवळ तारखेचा नाही. मधल्या चार वर्षांत फाळके दादर सोडून नाशिकला गेले होते, बरेच चित्रपट काढून त्यांचा हात बसला होता. भारतीय सिनेमाचं पहिलं पाऊल म्हणून आपण जे दाखवतो, ते कदाचित मुरलेल्या दिग्दर्शकाचं काम असेल. स्त्रीवेशातल्या पुरुषांचा तो हौदातला प्रसंग बघताना हे ध्यानात ठेवलं, तर नवखेपणाचं कौतुक करताना जीभ जरा अडखळते. निवेदकाने ‘बहुधा १९१७’ म्हटलं तर काय बिघडेल? वाक्याचा ठसका जातो, एवढंच.

वेगाचंही तसंच. हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यात सेकंदाला साधारण सोळा चौकटी टिपल्या जात, म्हणजे एक फूट फिल्म. त्या हिशेबाने ३,७०० फूट तासाभराचे होतात. बोलपटांबरोबर चोवीस चौकटींचा वेग रूढ झाला. त्या वेगाने तोच चित्रपट एक्केचाळीस मिनिटांत उरकतो आणि राजा हरिश्चंद्र दुडूदुडू धावतो. ‘जुन्या सिनेमात माणसं अशीच चालायची’ हा समज यातूनच आला. वेग दुरुस्त करणं संकलकाला आज अवघड नाही, पण ते करायला हवं हे आधी कुणाला तरी सुचावं लागतं. त्यात रुंद टीव्हीसाठी जवळपास चौकोनी चौकट भरून दाखवली की तिची पाव उंची छाटली जाते. फाळके पात्रं पायापासून मुकुटापर्यंत उभी करत. छाटणीत यातलं एक टोक जातं.

सालाचा पुरावा कधीकधी फिल्मच्या कडेलाच असतो. ईस्टमन कोडॅकने १९१६च्या सुमारास फिल्मच्या कडेवर उत्पादनाचं वर्ष ओळखण्यासाठी खुणा छापायला सुरुवात केली. अशी खूण १९१३च्या फिल्मवर सापडणार नाही. मात्र ती वाचायला मूळ फिल्म हातात हवी. प्रतीवरून प्रत काढताना कडा बऱ्याचदा गळते. वाहिनीच्या संकलकाकडे तर फक्त डिजिटल फाइल येते. तिच्यात कडा नसते, फाइलच्या नावात मात्र १९१३ असतं.