द.सा.द.शे. : व्याजाचा दर कसा काढायचा?

आजचा विषय शाळेतला आहे, पण त्याची गरज शाळा सुटल्यावरच लागते. 'दर' हा शब्द आपण रोज वापरतो. दर म्हणजे नेमकं काय, असं विचारलं की मात्र गडबड होते.

गणिताच्या पुस्तकात चार अक्षरं असतात : द.सा.द.शे. म्हणजे दर साल दर शेकडा. सगळी रीत या चार अक्षरांतच आहे. व्याज ही रक्कम आहे, ती मोजून हातात घेता येते. दर हा संबंध आहे : व्याजाचा मुद्दलाशी आणि मुदतीशी. म्हणून त्यात 'दर' दोनदा येतो. एक शंभराचं माप, दुसरं वर्षाचं.

उदाहरण घेऊ. एकाने 8,000 रुपये घेतले आणि 9 महिन्यांनी 9,080 रुपये परत केले. दर किती? प्रथम राशीतून मुद्दल वजा करा. व्याज 1,080 रुपये. आता शंभरावर आणा. 8,000 मध्ये 80 शेकडे आहेत. 1,080 भागिले 80, म्हणजे साडेतेरा. पुष्कळजण इथेच थांबतात. पण हे साडेतेरा 9 महिन्यांचे आहेत. एका महिन्याचा दीड, बारा महिन्यांचे अठरा. दर झाला द.सा.द.शे. 18. व्याज गुणिले 100, भागिले मुद्दल गुणिले वर्षं, हे सूत्र याहून वेगळं काही सांगत नाही. फक्त मुदत वर्षांत घ्यायची. 9 महिने म्हणजे पाऊण वर्ष.

आता व्यवहाराकडे या. सावकार म्हणतो, "शेकडा दोन." यातलं 'दर महिना' गृहीत असतं. वर्षाचे झाले चोवीस! महिन्याने दर सांगण्यात स्वतःत काही खोट नाही; भास्कराचार्यांच्या 'लीलावती'तही महिन्याला शेकडा पाच अशा दराचं उदाहरण आहे. पण ऐकणाऱ्याने काळ विचारला नाही, तर दोन आणि चोवीस यांतला फरक त्याच्या खिशातून जातो.

दुसरी गोष्ट अधिक बारीक आहे. 12,000 रुपयांचं कर्ज, वर्षाला "फक्त दहा टक्के", दरमहा 1,100 रुपयांचे 12 हप्ते. एकूण 13,200 भरले, व्याज 1,200. हिशेब बरोबर दिसतो, नाही का? पण विचारा, 12,000 रुपये तुमच्याकडे वर्षभर होते का? प्रत्येक हप्त्यात 1,000 रुपये मुद्दल परत जातंय. पहिल्या महिन्यात 12,000 तुमच्याकडे, दुसऱ्यात 11,000, शेवटच्यात केवळ 1,000. या बारा आकड्यांची बेरीज 78,000, सरासरी 6,500. म्हणजे वर्षभर तुम्ही सरासरी 6,500 रुपये वापरले आणि त्यावर 1,200 व्याज दिलं. दर साधारण साडेअठरा टक्के पडला. यात खोटा आकडा एकही नाही. परत दिलेल्या पैशावरही व्याज चालू राहिलं, एवढंच.

तेव्हा कोणी दर सांगितला, की सही करण्याआधी दोन प्रश्न विचारा : कोणत्या रकमेवर? किती काळासाठी? विचारायला संकोच वाटू देऊ नका.

जाता जाता घरचा अभ्यास. 5,000 रुपये घेतले, 4 महिन्यांनी 5,400 दिले. दर काढा, आणि तो सावकाराच्या भाषेत किती होतो तेही सांगा.