कुलूपबंद खोलीचा दावा

मुंबईतल्या जुन्या चाळींत मजल्यावर एखादी तरी खोली बंद सापडते. भाडेकरू केव्हाच बोरिवलीला नाहीतर डोंबिवलीला स्वतःच्या फ्लॅटमध्ये राहायला गेलेला असतो. भाडे मात्र महिन्याच्या महिन्याला येते. मालक म्हणतो, ‘राहायचे नाही तर जागा सोडा.’ भाडेकरू म्हणतो, ‘भाडे थकले आहे का? मग तुमचे काय जाते?’ इथून सुरू झालेला दावा लघुवाद न्यायालयात वर्षानुवर्षे चालतो आणि त्यात भाडेपावतीपेक्षा विजेच्या बिलाला जास्त किंमत येते.

खोली कुलूप लावून ठेवणे परवडते, याचे कारण भाडेनियंत्रणाच्या इतिहासात आहे. १९४७ च्या मुंबई भाडे कायद्याने जुन्या जागांची भाडी १ सप्टेंबर १९४० च्या पातळीला बांधून टाकली. महायुद्ध संपले तरी जागेची टंचाई संपली नाही आणि भाडीही हलली नाहीत. ही गोठवलेली भाडी काळाच्या ओघात अवाजवी ठरल्याचे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९७ मध्ये मालपे विश्वनाथ आचार्य खटल्यात सांगितले. पुढे ३१ मार्च २००० पासून महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ लागू झाला आणि वर्षाला ४ टक्के वाढीची सोय झाली. शंभर रुपये भाड्यावर ही वाढ चार रुपयांची. उलट उपकरप्राप्त इमारतीचा पुनर्विकास झाला, तर पात्र निवासी भाडेकरूला किमान ३०० चौरस फुटांची सदनिका मालकीने मिळते. असा हिशेब समोर असताना किल्ली कोण परत देईल?

मालकाच्या हाती यावर कलम १६(१)(एन) आहे. जागा ज्या कारणासाठी भाड्याने दिली, त्यासाठी ती दाव्याच्या तारखेच्या लगेच आधी सलग सहा महिने वाजवी कारणाशिवाय वापरलेली नसेल, तर मालकाला ताबा मागता येतो. १९४७ च्या कायद्यातही कलम १३(१)(के) मध्ये हीच तरतूद होती. इथे ‘भाडे नियमित भरतो’ हा बचाव चालत नाही. थकबाकीच्या दाव्याआधी ९० दिवसांची नोटीस लागते, तशी इथे लागत नाही. मालकाला स्वतःसाठी जागा हवी असते तेव्हा कोणाची अडचण मोठी, हे न्यायालय तोलून पाहते. न वापरलेल्या जागेच्या दाव्यात तो तराजूही नाही. मात्र हे सारे जुन्या भाडेकरूंपुरते. अकरा महिन्यांच्या लीव्ह अँड लायसन्सचे गणित वेगळे.

खरी मेख आहे ती ‘लगेच आधी’ आणि ‘सलग’ या अटींत. समजा, दावा १ जुलैला दाखल झाला. मग १ जानेवारी ते ३० जून एवढाच काळ महत्त्वाचा. त्याआधी पाच वर्षे खोली बंद होती आणि एप्रिलमध्ये भाडेकरू खरोखर राहायला आला, तर मालकाचा मुद्दा लंगडा पडतो. उलट समन्स हाती पडल्यावर घाईघाईने गॅसची शेगडी मांडून काही साधत नाही. म्हणून मालक मोक्याची तारीख शोधत असतो आणि भाडेकरू अधूनमधून दार उघडून दिवा लावून जातो. अशी उभ्या उभ्या दिलेली भेट म्हणजे वापर नव्हे, असा युक्तिवाद मग मालकाचा वकील करतो.

जागा वापरात नव्हती, हे आधी मालकाने दाखवायचे. तो वीज कंपनीकडून महिन्यामहिन्याच्या युनिटांचा तपशील मागवतो. सहा बिलांवर शून्य किंवा दोन-तीन युनिटे दिसली की उलटतपासणीला धार चढते: पंखा नव्हता का? गॅस कोणत्या पत्त्यावर? रेशनकार्ड, मतदारयादी, मुलांची शाळा कुठे? दुकानाचा गाळा असेल तर शॉप ॲक्टचा परवाना, जीएसटीची विवरणपत्रे, विक्रीच्या पावत्या निघतात. शेजारी दोन्हीकडून साक्षीला येतात. कधी कोर्ट कमिशनर जाऊन कोळिष्टकांपासून पाण्याच्या नळापर्यंत सगळे टिपून आणतो. नुसते सामान आत आहे आणि किल्ली खिशात आहे, एवढ्याने भागत नाही. प्रत्यक्ष वापर नसतानाही ताबा असू शकतो, हा फरक सर्वोच्च न्यायालयाने २००४ च्या रामदास विरुद्ध दविंदर निकालात स्पष्ट केला आहे.

वापर नव्हता हे दिसले, की वाजवी कारण सांगणे भाडेकरूवर येते. दीर्घ आजार, रुग्णालयातला मुक्काम, इमारतीची दुरुस्ती, महापालिकेने जागा बंद करणे ही कारणे पटू शकतात; पण त्यांचे कागद लागतात आणि परत येण्याचा इरादा वागण्यातून दिसावा लागतो. मालकाने स्वतःच पाणी किंवा वीज तोडून वापर अशक्य केला असेल, तर त्याचा दावा डळमळतो. अत्यावश्यक सोयी तोडायला कलम २९ ची मनाई आहेच. कुलूप फोडून ताबा घेणाऱ्या मालकाचे तर हसे होते. कायदेशीर मार्गाशिवाय बाहेर काढलेला माणूस विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांत दावा लावून ताबा परत मागू शकतो आणि तिथे मालकी कोणाची हा प्रश्नच निघत नाही.

मुंबईत असा दावा धोबीतलावच्या किंवा वांद्र्याच्या लघुवाद न्यायालयातून तिथल्याच अपील खंडपीठाकडे आणि पुढे उच्च न्यायालयात जातो. तोवर मूळ भाडेकरू वारलेला असतो, वारस रेकॉर्डवर येतात आणि त्यांच्यातच हक्काचा तंटा उभा राहतो. त्यामुळे कित्येक दावे शेवटी कन्सेंट टर्म्सवर मिटतात: मालक रक्कम मोजतो, भाडेकरू किल्ली देतो.

माझ्या मते हे कलम योग्यच आहे. भाडेकरूला संरक्षण दिले ते राहत्या घरासाठी, चालत्या धंद्यासाठी; पुनर्विकासाची वाट पाहत अडवलेल्या जागेसाठी नव्हे. पण आजारी आईसाठी गावी गेलेल्या आणि फ्लॅट घेऊन बसलेल्या भाडेकरूच्या दाराला कुलूप सारखेच दिसते. म्हणून काही काळ जागा सोडून जाणाऱ्याने कारण आणि परतीचा अंदाज मालकाला लेखी कळवावा, पोच घ्यावी, कागद जपावेत. मालकानेही संशयावर धाव घेऊ नये. सहा महिन्यांचा पुरावा आधी जमवावा आणि मगच दावा लावावा. एवढे दोघांनी केले, तर निम्मे दावे साक्षीपुराव्यापर्यंत जायचेही नाहीत.