२८,००० पैकी तीन

डार्विनला मोजदादीची भारी खोड. १८६२ साली आलेल्या ऑर्किडवरच्या पुस्तकात त्याने इंग्लंडमधल्या एका साध्या ऑर्किडचा हिशेब मांडला आहे. एका बोंडात सुमारे ६,२०० बिया, एका झाडाला तीसेक बोंडं. सगळ्या मिळून १,८६,३००. बारा हजार पोचट म्हणून सोडून दिल्या तरी उरलेल्या बियांनी एक एकर गच्च भरतो. नातवंडांना अँग्लसी नावाचं अख्खं बेट पुरत नाही. आणि पणतवंडं? पृथ्वीवरची जवळजवळ सगळी जमीन हिरवीगार, पन्नास भागांतले तीन काय ते उघडे! पुढे निसर्गअभ्यासक फ्रिट्झ म्युलरने ब्राझीलहून मॅक्सिलारिया या ऑर्किडच्या एकाच बोंडातल्या बियांचा आकडा कळवला : १७,५६,४४०. त्यापुढे डार्विनचं झाड अगदीच गरीब ठरलं.

इतक्या बिया परवडतात, कारण त्यांत माल काहीच नसतो. भिंगाखाली पाहिलं तर जाळीदार पारदर्शक पिशवी दिसते, आत बरीचशी हवा आणि मधोमध एक ठिपका. तो ठिपका म्हणजे गर्भ. शिदोरी शून्य. जातीनुसार एका ग्रॅममध्ये चाळीस हजारांपासून तेहतीस लाखांपर्यंत बिया मावतात. हलक्या जातींच्या हजारो बिया एकत्र केल्या तर कुठे मोहरीच्या एका दाण्याइतकं वजन भरतं. असली धूळ वाऱ्यावर कुठेही जाईल. आणि जातेच. १८८३ मध्ये क्राकाटोआचा ज्वालामुखी फुटला, बेटावर हिरवं पान उरलं नाही. १८९७ मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ तिथे गेले तेव्हा ऑर्किडं आधीच हजर होती; त्यांत बांबूसारख्या दांड्याची अरुंडिना होती आणि जांभळी स्पॅथोग्लॉटिसही. जावाचा किनारा तिथून चाळीसेक किलोमीटर.

आता हवाई बेटांकडे या. जगात ऑर्किडच्या सुमारे २८,००० जाती आहेत, पक्ष्यांच्या जातींच्या दुपटीहून जास्त. फुलं येणाऱ्या दर बारा वनस्पतींत साधारण एक ऑर्किड निघतं. हवाईत फुलझाडांच्या मूळच्या जाती हजाराच्या आसपास, म्हणजे या हिशेबाने तिथे ऐंशी तरी ऑर्किडं हवीत. जंगलं तर ऑर्किडांसाठीच घडवलेली वाटावीत : कवाई बेटावरच्या वायालेआले डोंगरावर वर्षाला दहा हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, मुंबईच्या चौपट. (आपल्या महाराष्ट्रात ऑर्किडच्या शंभराहून जास्त जाती आहेत.) तरीही हवाईची स्वतःची ऑर्किडं किती? तीन.

अंतर हे एक कारण झालं. जवळचा खंड ३,८०० किलोमीटरवर. पण तेवढ्याने भागत नाही, कारण इतर झाडं तिथे पोचून माजली. लोबेलियाच्या कुळातला एकच पूर्वज सुमारे १ कोटी ३० लाख वर्षांपूर्वी या द्वीपसमूहात पोचला आणि त्याच्यापासून तब्बल १२६ जाती झाल्या. ऑर्किडचं अडतं ते पोचल्यानंतर. १८९९ मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ नोएल बर्नार्डने दाखवून दिलं की शिदोरीविना निघालेलं हे बी मातीतल्या बुरशीने खाऊ घातल्याशिवाय रुजत नाही. म्हणजे कोरड्या, गार हवेतून जिवंत पोचायचं, ओल्या जागीच पडायचं, तिथे नेमकी चालणारी बुरशी हवी, आणि एवढं होऊन फूल आलंच तर परागीभवनाला कीटक हवा, नाहीतर स्वतःच्याच परागावर भागवायला हवं. यातली एक अट चुकली की संपलं. लाखांना लाखांनी गुणलं तरी मध्ये एक शून्य आलं की उत्तर शून्यच.

हवाईच्या तीन ऑर्किडांतलं सर्वांत दुर्मीळ प्लॅटँथेरा होलोकायला. कवाई, मोलोकाई, माउई या बेटांवर, ओहिया नावाच्या झाडांच्या भिजक्या जंगलात आणि दलदलीत ते जमिनीवर उगवतं. उंची वीतभरापासून दोन फुटांपर्यंत. तुऱ्यावर दाटीने पिवळट हिरवी फुलं, एकेक जेमतेम काही मिलिमीटरचं. पायाशी असलं तरी नजर पडणार नाही. हंगाम सरला की वरचं सगळं वाळून जातं, मातीत फक्त कंद राहतो, आणि तोच रानडुकरं उकरतात. १९९६ मध्ये अमेरिकी सरकारने ते संकटग्रस्त जाहीर केलं. रानात उरलेली झाडं काही डझन. बाकीची मदार कुंपणांवर आणि प्रयोगशाळेतल्या बरण्यांत वाढवलेल्या रोपांवर.

विनोद असा की हवाईच्या सर्वांत मोठ्या बेटाला पर्यटनवाले ‘ऑर्किड बेट’ म्हणतात. दुकानांत, हारांत मिरवणारी ऑर्किडं बाहेरून आणलेली किंवा संकरित. क्राकाटोआवर वाऱ्याने चौदा वर्षांत पोचलेली अरुंडिना आणि स्पॅथोग्लॉटिस लाखो वर्षांत हवाईला पोचली नव्हती. माणसाने बागेसाठी नेली आणि आता रस्त्याच्या कडेला, लाव्हाच्या खडकांत मोकाट वाढतात. वाऱ्याला जे जमलं नाही ते आपण काही दशकांत केलं. तण, गोगलगायी, उंदीर यांचंही तसंच.

अमेरिकेतली आपली मंडळी सुट्टीत हवाईला जातात. तिथे जंगलात शिरताना पायवाटेच्या तोंडाशी बूट घासायचे ब्रश ठेवलेले असतात, तणाच्या बिया आणि ओहियाची झाडं मारणारी बुरशी आत जाऊ नये म्हणून. घाई असली तरी दोन्ही बूट तळाच्या खाचांसकट घासा. जातानाही आणि परत येतानाही.