काशीबाई कानिटकर : चरित्र आणि कादंबरी यांतील अनुबंध

काशीबाई कानिटकर (१८६१–१९४८) यांचा निर्देश वाङ्मयेतिहासात बहुधा आरंभीच्या स्त्री-कादंबरीकार म्हणून होतो. त्यांचे चरित्रलेखन त्यापासून वेगळे काढून पाहिले जाते. ही फारकत ग्राह्य वाटत नाही.

डॉ. आनंदीबाई जोशी यांचे २६ फेब्रुवारी १८८७ रोजी निधन झाले. पुढच्याच वर्षी अमेरिकेत कॅरोलिन हीली डॉल यांनी त्यांचे इंग्रजी चरित्र प्रसिद्ध केले. ते परक्या देशातील वाचकांसाठी होते. काशीबाईंच्या मराठी चरित्राची भूमिका निराळी आहे. टपाल खात्यातील नोकरीमुळे गोपाळरावांचे बिऱ्हाड कल्याणहून आजच्या रायगड जिल्ह्यातील अलिबाग, पुढे कोल्हापूर असे फिरत राहिले. त्या संसारातील शिक्षणाची सक्ती आणि गोपाळरावांचा तापट स्वभाव काशीबाई झाकत नाहीत. आनंदीबाईंची पत्रेही त्या ग्रंथात समाविष्ट करतात. त्यामुळे चरित्रनायिका स्वतः बोलू लागते.

काशीबाई स्वतः शाळेत न जाता घरीच शिकल्या होत्या. पतीच्या इच्छेने मिळालेली विद्या स्त्रीची स्वतःची केव्हा होते, हा प्रश्न त्यामुळे त्यांना दूरचा नव्हता. ‘पालखीचा गोंडा’ (१९२८) या कादंबरीत संस्थानाची सूत्रे स्त्रीच्या हाती येतात आणि त्याच प्रश्नाला कल्पित उत्तर मिळते. आनंदीबाईंची विद्या प्रत्यक्ष कार्यास लागण्यापूर्वीच त्यांचे आयुष्य संपले. चरित्राला जेथे थांबावे लागले, तेथून कादंबरी पुढे जाते. म्हणून या दोन कृती एकत्र वाचणे अगत्याचे आहे.