न दुखणारी जखम

वेदना ही मनुष्याची वैरीण आहे असें आपण समजतों, व ती नाहींशी व्हावी म्हणून वैद्यापासून देवऋषीपर्यंत सर्वांचे उंबरठे झिजवितों. परंतु जी कधीं दुखतच नाहीं अशी जखम अंगावर वागविणारीं माणसें आपल्या शेजारींच आहेत, आणि त्यांची दुर्दशा पाहिली म्हणजे वेदना ही वैरीण नसून शरीराची राखणदार आहे, हें कोणासही पटल्यावांचून राहणार नाहीं. कुष्ठरोगानें ज्यांच्या तळपायांची जाणीव गेली आहे, त्यांच्या पायांस पडणाऱ्या व्रणांविषयीं आज आम्हांस परभणी जिल्ह्यांतील वाचकांशीं चार शब्द बोलावयाचे आहेत. विषय किळसवाणा आहे म्हणून कोणी नाक मुरडील. पण ज्या दुःखाकडे पाहून नाक मुरडलें जातें, त्याचीच उपेक्षा सर्वांत अधिक होत असते.

परभणीची भूमि काळी व कसदार. गोदावरी, पूर्णा आणि दुधना ह्या नद्यांच्या आसपासच्या रानांत कापूस, ज्वारी, तूर, सोयाबीन हीं पिकें निघतात. आणि पीक निघाल्यावर मागें उरतात तीं ज्वारीचीं धसकटें, तुरीचे खुंट व पऱ्हाट्यांचे बुडखे. ज्याचे पाय शाबूत आहेत त्याच्या टाचेंत धसकट शिरलें कीं तो "अगाई" म्हणून जागच्या जागीं बसतो, तें उपसून काढतो, आणि दोन दिवस त्या पायावर भार न देतां लंगडत चालतो. हें लंगडणें हाच निसर्गानें योजिलेला उपचार होय. परंतु घोट्याच्या आंतल्या बाजूनें तळव्याकडे जाणारी नस ज्याची रोगानें मेली आहे, त्यास कांहीं टोंचल्याचें कळतच नाहीं. तो दिवसभर त्याच पायानें राबतो, ओझें वाहतो, आणि संध्याकाळीं चप्पल रक्तानें भिजलेली दिसते तेव्हां कोठें त्यास उमगतें. दुसऱ्या दिवशीं पुन्हां तेंच रान व तेंच काम. वैशाखांत तापलेल्या जमिनीचा चटका, चपलेचा वर आलेला खिळा, चुलीपुढें भाकरी करणाऱ्या बाईच्या बधिर बोटांस लागलेला तवा, ह्यांपैकीं कशाचीही दाद शरीर घेत नाहीं. जखम चिघळते, तिच्यांत पू होतो, तो हाडापर्यंत पोंचतो, आणि अखेर बोट जातें किंवा पाय कापावा लागतो.

ह्या रोगास आपल्याकडे रक्तपिती, महारोग अशीं नांवें आहेत, आणि त्यानें हातापायांचीं बोटें आपोआप झडून पडतात असा समज पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला आहे. हा समज खोटा आहे. नॉर्वे देशांतील हॅनसेन नामक वैद्यानें १८७३ सालीं ह्या रोगाचा जंतु दाखवून दिला. तो क्षयाच्या जंतूच्याच कुळांतला असून त्याची वाढ इतकी मंद असते कीं, संसर्गापासून लक्षणें दिसूं लागेपर्यंत सरासरी पांच वर्षें, आणि कधीं कधीं वीस वर्षें देखील जातात. हा जंतु बोटें खात नाहीं. तो त्वचेंत व नसांत घर करून नसा मारतो, आणि पायांच्या व्रणांचा पुढचा सारा अनर्थ बहुधा त्या बधिरपणांतून ओढवतो. वेल्लोर येथें १९४६ पासून काम करणाऱ्या डॉ. पॉल ब्रँड ह्यांनीं असंख्य रुग्णांचे हातपाय तपासून ही गोष्ट सिद्ध केली. एका रात्रींत बोटाचा तुकडा नाहींसा कसा होतो ह्याचा शोध घेतां, निजलेल्या रुग्णांचीं बधिर बोटें उंदीर कुरतडतात असें त्यांना आढळलें, व त्यावर उपाय म्हणून त्यांनीं रुग्णांस मांजरें पाळावयास दिलीं. ज्यास लोक पूर्वजन्मींच्या पापाचें फळ म्हणत होते, त्याच्या मुळाशीं उंदीर निघाला!

कोणी म्हणतील कीं, हा रोग तर आतां गेला. मग गेलेल्या रोगाचें रडगाणें कशासाठीं? ह्या आक्षेपांत अर्धें सत्य आहे. १९८१ सालीं जागतिक आरोग्य संघटनेनें दोन-तीन औषधें एकत्र देण्याची पद्धति पुरस्कारिली, आणि १९८३ पासून राष्ट्रीय कुष्ठरोग निर्मूलन कार्यक्रमांत ती आपल्याकडे आली. सहा महिने ते एक वर्ष गोळ्या घेतल्या कीं रोग बरा होतो, त्या सरकारी दवाखान्यांत फुकट मिळतात, आणि उपचार सुरू होतांच रुग्णापासून दुसऱ्यास बाधा होण्याचें भय लवकरच संपतें. ही गेल्या शतकांतील वैद्यकाची थोर कमाई होय. डिसेंबर २००५ मध्यें सबंध देशाचें मान दर दहा हजारांमागें एका रुग्णाच्या खालीं आलें, आणि सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न म्हणून ह्या रोगाचें निर्मूलन झाल्याचें जाहीर झालें. तथापि आजही जगांत दरसाल सांपडणाऱ्या नव्या रुग्णांपैकीं निम्म्याहून अधिक एकट्या भारतांत सांपडतात, हें त्या जाहीरनाम्याबरोबर ध्यानांत ठेवलें पाहिजे.

शिवाय ही मोजणी होते कशी तेंही पाहण्यासारखें आहे. त्या मानांत जो उपचार घेत आहे तोच रुग्ण धरला जातो. गोळ्यांची शेवटची पट्टी संपली कीं त्याचें नांव चालू रुग्णांच्या यादींतून उतरतें. रोगाच्या दृष्टीनें हें यथार्थ आहे, कारण जंतु खरोखरच मेलेले असतात. परंतु मेलेली नस गोळीनें जिवंत होत नाहीं, आणि बधिर पाय पुढें तीस-चाळीस वर्षें त्याच धसकटांतून चालावयाचे असतात. म्हणजे कागदावर जो मनुष्य बरा झाला, त्याच्या पायाचा व्रण त्या मोजणींत कोठेंच दिसत नाहीं. आमची तक्रार आहे ती येथें. रोगाशीं लढाई जिंकली म्हणून नगारा वाजवावा, पण जखमी शिपायांची शिरगणती करूं नये, हा कोणता न्याय?

परभणीच्या लोकांस ह्या प्रश्नाचा इतिहास परका नाहीं. १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत हा जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानांत होता. त्या संस्थानांत निजामाबादजवळ डिचपल्ली येथें डॉ. इझाबेल कर ह्या मिशनरी बाईंनीं १९१५ च्या सुमारास कुष्ठरोग्यांसाठीं रुग्णालय उभारलें. परभणी व पूर्णा ज्या लोहमार्गावर आहेत, त्याच मार्गानें निजामाबाद ओलांडून गेलें म्हणजे डिचपल्लीचें स्थानक लागतें. त्या काळीं औषध काय तें कडू कवठीच्या तेलाचें टोंचणें, दुःखदायक आणि बेभरंवशाचें. विदर्भांत मनोहर दिवाण ह्यांनीं १९३६ सालीं वर्ध्याजवळ दत्तपूर येथें कुष्ठधाम काढलें. सेवाग्रामास परचुरे शास्त्र्यांची शुश्रूषा स्वतः गांधीजींनीं केली. आणि १९४९ सालीं बाबा आमटे ह्यांनीं महारोगी सेवा समिति स्थापून पुढें वरोऱ्याजवळ आनंदवन वसविलें. खात्रीचें औषध हातीं नसतां, किंवा तें नुकतेंच हातीं येत असतां, ह्या मंडळींनीं व्रण धुतले. आज औषध गांवच्या आरोग्य केंद्रांत आहे, आणि व्रण धुण्यास मात्र माणूस मिळत नाहीं!

अशीं उपेक्षित दुखणीं दुसरींही आहेत. आफ्रिकेंत व ऑस्ट्रेलियांत आढळणारा बुरुली व्रण ह्याच जंतुकुळाचा. तोही प्रारंभीं दुखत नाहीं, आणि म्हणूनच रोगी उशिरा येतो. यॉज नांवाचा त्वचेस व्रण पाडणारा निराळ्या जंतूचा रोग तर महाराष्ट्रासह आपल्या दहा राज्यांतील दुर्गम, विशेषतः आदिवासी, वस्त्यांत होता. १९९६ पासून सेवकांनीं घरोघर जाऊन रोगी शोधिले व पेनिसिलिनचें एक टोंचणें देऊन बरे केले. २००३ नंतर नवा रोगी आढळला नाहीं, आणि २०१६ सालीं भारत ह्या रोगापासून मुक्त झाल्याचें जागतिक आरोग्य संघटनेनें मान्य केलें. जेथें दारोदार पाय झिजविले, तेथें यश आलें, एवढाच ह्या उदाहरणाचा मथितार्थ.

मग करावें काय? पहिली गोष्ट रुग्णाच्या स्वतःच्या हातची आहे, आणि तिला दाम पडत नाहीं. रोज संध्याकाळीं दोन्ही तळवे उजेडांत पाहावे, स्वतःस दिसत नसतील तर घरच्यांकडून पाहवावे. साध्या, कोमट देखील नव्हे, पाण्यांत वीस मिनिटें पाय भिजत ठेवावे. घट्टे झालेली निबर कातडी वजरीनें हलकेच घासावी. ओल्या पायास तेल चोळावें. आणि जखम असेल तर ती भरेपर्यंत त्या पायावर चालूं नये. जें काम वेदना करीत होती तें आतां डोळ्यांनीं करावयाचें, एवढेंच ह्याचें सूत्र आहे. बधिर पायास मऊ तळाची एमसीआर चप्पल लागते; तिला खिळे नसतात व ती सरकारांतून फुकट मिळते. ती मापाची असावी आणि रान धसकटांनीं भरण्यापूर्वीं पायांत पडावी.

दुसरी गोष्ट सरकारची. प्रत्येक आरोग्य केंद्रांत बरे झालेल्यांच्या बधिर हातापायांची निराळी नोंदवही असावी, व गोळ्या संपल्या तरी तिच्यांतून नांव उतरूं नये. आठवडी बाजाराच्या दिवशीं व्रण धुण्याची व पट्टी बांधण्याची व्यवस्था असावी, म्हणजे मजुरी बुडवून यावें लागणार नाहीं. ह्या जिल्ह्यांतून ऊसतोडीस जाणाऱ्या कुटुंबांची तपासणी त्यांनीं गांव सोडण्यापूर्वींच व्हावी. त्यांच्यामागें कारखान्याच्या फडावर कोण धांवणार? परभणीस २०२३ सालीं शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झालें आहे. तेथील विद्यार्थ्यांस नस चांचपून पाहण्याचें शिक्षण ग्रंथांतून नव्हे, गांवांतून मिळावें. कारण नस दुबळी होऊं लागल्यापासून सहा महिन्यांच्या आंत योग्य औषध मिळाल्यास तिची शक्ति पुष्कळदां परत येते. पुढें ती आशा फार थोडी उरते.

तिसरी गोष्ट आपली सर्वांची. १८९८ चा लेपर्स ॲक्ट २०१६ सालीं रद्द झाला, आणि कुष्ठरोग हें घटस्फोटाचें कारण २०१९ सालीं कायद्यांतून काढून टाकण्यांत आलें. कायद्यानें आपलें घर झाडलें. समाजानें अद्याप केरसुणी हातीं धरलेली नाहीं. मुलीच्या सोयरिकीस बाध येईल म्हणून चट्टा झांकून ठेवणारें घर आपणच निर्माण केलें आहे. अंगावरचा फिकट किंवा लालसर चट्टा, ज्यावर स्पर्श कळत नाहीं, तो वेळींच दाखविला तर बहुधा ना नस मरावयाची, ना व्रण पडावयाचा. दरवर्षीं ३० जानेवारीस, गांधीजींच्या पुण्यतिथीस, गांवोगांव कुष्ठरोगाची शपथ घेतली जाते. ह्या वर्षीं ती शपथ घेऊन झाल्यावर गांवच्या सरपंचांनीं व शिक्षकांनीं एवढें तरी करावें: आपल्या गांवांत बधिर पायांचीं माणसें किती, त्यांपैकीं कितींच्या पायांत चप्पल आहे आणि कितींच्या पायास व्रण, हें त्यांच्या संमतीनें व त्यांचा मान राखून मोजावें, आणि तो आंकडा आरोग्य केंद्राच्या पुढें ठेवून उत्तर मागावें.