मेक्सिको सिटीतील संध्याकाळची खाद्यफेरी

मुलाकडे वा लेकीकडे मेक्सिको सिटीला गेलात, की मार्गदर्शकाबरोबर रस्त्यावरचे पदार्थ चाखत हिंडण्याचा बेत ठरतोच. वयाचे कारण सांगून घरी बसू नका. मात्र पोहोचल्या दिवशीच निघू नका. हे शहर सुमारे २२४० मीटर उंचीवर, महाबळेश्वरहूनही बरेच वर आहे. दम लागतो, डोके दुखते. दोन दिवस विसावा घ्या. हृदयविकार वा फुप्फुसाचा आजार असल्यास प्रवास ठरवतानाच डॉक्टरांशी बोला.

गाड्यावर ‘ताकोस आल पास्तोर’ दिसेल: उभ्या सळईवर भाजले जाणारे डुकराचे मांस. लेबनॉनी स्थलांतरितांच्या शावर्म्यातून हा प्रकार आला. विस्तवावरून थेट मक्याच्या पोळीत पडणाऱ्या गरम तुकड्याची मला तितकीशी धास्ती वाटत नाही. धास्ती वाटते ती शेजारच्या वाडग्यांची: कच्च्या टोमॅटोची चटणी, केव्हाचा चिरून ठेवलेला कांदा, कोथिंबीर. वर लिंबू पिळले म्हणजे जंतू मरतात, हा समज सोडा. बर्फही नको.

शाकाहारी मंडळींनी ‘केसादिया’ मागताना चीज हवे असे स्पष्ट सांगावे. या शहरात ते न मागता मिळेलच असे नाही! पीठ वा घेवड्यात डुकराची चरबी आहे का, हेही विचारावे.

इन्सुलिन घेणाऱ्यांनी मात्रा घेऊन पहिल्या गाड्यापर्यंत उपाशी चालू नये. खिशात साखर असावी. आणि वाटेत बसायला जागा कुठे मिळेल, हे मार्गदर्शकाला निघण्यापूर्वीच विचारून ठेवा. गाड्यांवर बहुतेक जण उभ्यानेच खातात.