माहिती चौकट : धाटावच्या तरुणांची कबड्डी

रोहा तालुक्यात कुंडलिका नदीच्या परिसरात वसलेल्या धाटाव औद्योगिक वसाहतीतील रासायनिक कारखान्यांच्या पाळ्यांनी ज्यांच्या घरांचा दिनक्रम बांधून टाकला आहे, त्या आसपासच्या गावांतील तरुणांचा जिव्हाळ्याचा विषय, हातातील मोबाइल आणि त्यावरील रील्स जमेस धरूनही, कबड्डी हाच आहे. पाणी मारून दाबलेल्या मातीवर फक्कीने आखलेले १३ मीटर लांब व १० मीटर रुंद मैदान आणि ग्रामदैवताच्या नावाचा संघ, एवढा सरंजाम त्यांना पुरतो. समोर किमान सहा बचावपटू असताना, ३० सेकंदांच्या चढाईत, निदानरेषेच्या एक मीटर पलीकडील बोनस रेषेपार एक पाऊल टाकून दुसरा पाय अधांतरी तोलणारा चढाईपटू ज्याने जवळून पाहिला, त्याला या खेळातील धैर्य आणि गणित दोन्ही उमगतात.

२०१४ साली प्रो कबड्डी लीग सुरू झाली आणि मातीत वाढलेल्या मुलांना मॅटवर पेशाही दिसू लागला. १९९० पासून पुरुषांचे आशियाई सुवर्णपदक अखंड भारताकडे होते. २०१८ साली इंडोनेशियात, जकार्ता येथे, पुरुष व महिला अशी दोन्ही सुवर्णपदके इराणने जिंकली. स्पर्धा आता जगाशी आहे. म्हणून वसाहतीचा विस्तार आखताना सरकारी दफ्तरी मुलामुलींच्या खेळासाठी मैदान राखून ठेवावे, ही संबंधितांना कळकळीची विनंती.